हाताशी आणि हाताखाली

बाईंना ती परकी भाषा येत होती, कारण त्यांच्या नवऱ्याला बॉयलर येत होते. लग्नानंतर दोन वर्षांनी कारखान्याने त्याला नव्या बॉयलरचं शिक्षण घ्यायला एका दूरच्या, थंड देशात पाठवलं आणि एक वर्षाचं काम सहा वर्षं चाललं. नवरा दिवसभर यंत्रांच्या संगतीत असायचा, त्यामुळे भाषेवाचून त्याचं काही अडलं नाही. बाईंचं अडलं. दूध कुठे मिळतं, जिन्यातला दिवा कोण लावतं, वरच्या मजल्यावरची बाई रोज सकाळी आपल्यावर का ओरडते, हे समजून घेता घेता त्या भाषा शिकल्या. ती बाई ओरडत नव्हती, चहाला बोलावत होती, हे कळायला आठ महिने गेले. पुढची पाच वर्षं मात्र त्या तिच्या स्वयंपाकघरातच बसून होत्या आणि त्यांचं सगळं व्याकरण कांदे चिरता चिरता झालं.

परत आल्यावर त्यांनी परीक्षा दिली आणि सरकारी यादीत त्या भाषेच्या प्रमाणित भाषांतरकार म्हणून त्यांचं नाव लागलं. यादीत आणखी एक नाव होतं. ते गृहस्थ वारून नऊ वर्षं झाली होती. पण नाव कमी करायचा अर्ज ज्याचा त्यानेच करायचा असा नियम असल्यामुळे ते अजून यादीत होते. त्यामुळे त्या भाषेतला कुठलाही कागद शहरात आला की चार ठिकाणी फिरून शेवटी बाईंच्या टेबलावर यायचा. जन्माचे दाखले, लग्नाचे दाखले, शिलाई यंत्रांची माहितीपुस्तकं आणि एकदा एका घोड्याची वंशावळ.

बाईंची एक खोड होती, ती म्हणजे तळटीप. शब्दाचे दोन अर्थ निघत असतील तर त्या एक वर लिहायच्या आणि दुसरा खाली. ही खोड उगीच लागलेली नव्हती. सुरुवातीच्या दिवसांत त्यांनी एका बॉयलरच्या पुस्तकात ‘या वेळी मधली झडप सोडून द्या’ असं लिहिलं होतं. त्यांना म्हणायचं होतं, तिच्या वाटेला जाऊ नका. फिटरने ती सोडून दिली. जीव कोणाचा गेला नाही, पण फिटरच्या भुवया परत यायला तीन महिने लागले, आणि तोवर तो भेटेल तिथे बाईंना नमस्कार करायचा. त्या नमस्काराने बाई कायमच्या सुधारल्या.

नवरा गेल्यावर त्या आणि त्यांची धाकटी नणंद अशा दोघीच दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहत होत्या. नणंदेने तीस वर्षं तारघराच्या खिडकीत बसून लोकांच्या तारांतले फालतू शब्द कापले होते. कोणी ‘आईची तब्येत फारच जास्त बिघडली आहे, तरी लवकर निघून यावे’ असं लिहून आणलं की ती त्याचं ‘आई गंभीर, या’ करून द्यायची. बाईंचं भाषांतर तीच आधी वाचायची आणि दर वेळी म्हणायची, “वहिनी, अर्थ पोचतोय. टीप कशाला?”

“अर्थ दोन आहेत, वन्सं.”

“मग एक निवडा.”

“निवडलाय. दुसरा खाली ठेवलाय.”

अशा घरात एका मंगळवारी एक डॉक्टर आली. वय एकतीस, हातात प्लॅस्टिकची फाईल, आणि दारातच तिने त्या परक्या भाषेत नमस्कार केला. बाईंनी कित्येक वर्षांत ती भाषा दुसऱ्याच्या तोंडून ऐकली नव्हती. त्यांनी तिला आधी बसायला सांगितलं आणि मग त्यांच्या लक्षात आलं की आपण तिला ‘बस’ म्हणताना वरच्या मजल्यावरच्या बाईसारखं ओरडलो आहोत.

मुलगी त्याच देशात सहा वर्षं शिकून डॉक्टर झाली होती. वडील बसचालक होते, ते ती चौथ्या वर्षाला असताना गेले. आता ती आईजवळ राहत होती आणि एका खासगी रुग्णालयात रोग्यांचं वजन आणि उंची लिहून घेण्याचं काम करत होती, कारण वैद्यक परिषदेत नाव नोंदल्याशिवाय तिला यापेक्षा जास्त काही लिहायची परवानगी नव्हती. नोंदणीसाठी सगळी कागदपत्रं भाषांतर करून हवी होती.

काम अकरा दिवस चाललं आणि त्यात दोघींना एक गोष्ट कळली, की त्यांना एकच भाषा येते पण ती वेगवेगळ्या खोल्यांतली. बाईंना चाळणी, उलथनं, करपणं, उतू जाणं हे सगळे शब्द येत होते. पोटातल्या पांथरीचा शब्द आला तिथे त्या अडल्या. डॉक्टरला अंगातली दोनशे सहा हाडं पाठ होती, पण पातेल्याच्या झाकणाला काय म्हणतात ते माहीत नव्हतं.

“सहा वर्षांत कधी झाकण लागलं नाही तुला?” बाईंनी विचारलं.

“लागायचं. मी बोट दाखवायचे.”

सहाव्या वर्षाच्या कागदावर एक क्रियापद होतं. विद्यार्थिनीने बारा महिने प्रसूतिगृहात आणि अपघात विभागात, मोठ्या डॉक्टरांच्या अमुक-अमुक केलं. शब्दशः त्याचा अर्थ होता ‘कोपराशी राहणे’. हा शब्द बाईंना चांगलाच ओळखीचा होता. वरच्या मजल्यावरची बाई रोज म्हणायची, ये, माझ्या कोपराशी राहा. आणि मग कांदे, पीठ, भांडी, सगळं बाईंकडूनच करून घ्यायची. पण तिची सासू यायची तेव्हा तीही कोपराशीच राहायची, आणि ती काडीचीही मदत करत नसे.

बाईंनी वर लिहिलं, ‘हाताखाली काम केले’. खाली लिहिलं, ‘१४. मूळ शब्दाचा “हाताशी हजर राहणे” असाही अर्थ होतो.’ सही केली, शिक्का मारला. डॉक्टरने तिथेच सगळं वाचलं आणि ती म्हणाली, “छान झालंय.” तिच्या डोक्यात तेव्हा काही आलं नाही. बाईंच्याही नाही.

परिषदेचा कारकून मात्र कुठलाही कागद खालून वर वाचणारा होता. दोन महिन्यांनी उत्तर आलं: तळटीप क्रमांक चौदा पाहता अर्जदाराने बारा महिने प्रत्यक्ष काम केल्याचे सिद्ध होत नाही, केवळ हजर राहिल्याचे दिसते, सबब नोंदणी करता येत नाही.

डॉक्टर ते पत्र घेऊन आली. या वेळी तिने नमस्कार आपल्याच भाषेत केला.

“बाई, ती एक ओळ काढा.”

नणंद आतून चहा घेऊन येत होती, ती दारातच थांबली.

“काढता येत नाही गं,” बाई म्हणाल्या.

“मी दोनशे अकरा बाळंतपणं केली आहेत. मोजून. हाताशी उभं राहून बाळंतपण होत नाही.”

“माझा विश्वास आहे.”

“मग?”

“कागदात तो अर्थ आहे. मी कागदाचं भाषांतर करते, तुझं नाही.”

हे वाक्य तोंडातून गेल्यावर बाईंना ते जरा कडक वाटलं. पण ते खरं होतं, आणि खऱ्या वाक्याखाली काय टीप द्यायची ते त्यांना सुचेना. डॉक्टरने चहा घेतला नाही. ती गेल्यावर नणंद तो कप स्वतःच प्यायली आणि म्हणाली, “चौदा नंबर चुकीचा नाही, वहिनी. लांब आहे.”

डॉक्टर न्यायालयात गेली. तिने केलेला वकील तिच्या आईच्या मावसभावाचा जावई होता. तो मूळचा जमिनीच्या दाव्यांचा माणूस. पण कागद तो कागद, असं त्याचं म्हणणं होतं. आठवड्याभराने तोच बाईंकडे आला. “तुम्ही एक प्रतिज्ञापत्र द्या,” तो म्हणाला. “त्या देशात रोजच्या बोलण्यात हा शब्द कामासाठीच वापरतात, एवढंच.” बाईंनी विचार केला आणि ‘बहुधा’ हा शब्द घालून दिलं. वकिलाने ‘बहुधा’कडे बराच वेळ पाहिलं. पण यादीतले दुसरे भाषांतरकार उपलब्ध नसल्यामुळे त्याने तेच प्रतिज्ञापत्र दाखल केलं.

याचिका तेरा महिन्यांनी सुनावणीला आली. त्या तेरा महिन्यांत डॉक्टरने हजारो माणसांची वजनं घेतली. कोणी विचारलंच, की ताई, वजन इतकं का उतरलंय, तर ती म्हणायची, “आत डॉक्टर आहेत, त्यांना विचारा.” आतले डॉक्टर वरचेवर बाहेर येऊन तिला विचारून जायचे. तेही तिने नंतर सांगितलं, तक्रार म्हणून नाही.

सुनावणीच्या दिवशी बाई नणंदेला घेऊन न्यायालयात गेल्या. दालनात पंखे होते, पण ते सगळे वकिलांच्या बाजूला. परिषदेच्या वकिलाने चौदावी टीप इतक्यांदा वाचून दाखवली की नणंद कुजबुजली, “एवढी लांब नव्हती बरं का ती.” अशा याचिकेत साक्षीदार उभे करत नाहीत, पण बाई समोर बसल्या आहेत असं कळल्यावर न्यायाधीश म्हणाले, “आल्याच आहेत तर विचारू. बाई, उठायची गरज नाही. हाताशी आणि हाताखाली, यात नेमका फरक काय?”

बाई उठल्या. “साहेब, हाताशी असलेल्या माणसाला हाक मारावी लागते. हाताखाली असलेल्याला ती आधीच मारलेली असते.”

न्यायाधीशांनी पेन उचललं. “पुन्हा सांगा.”

बाईंनी पुन्हा सांगितलं. त्यांनी ते लिहून घेतलं. डॉक्टरच्या वकिलाला वाटलं, गाडी रुळावर आली.

“आणि ही डॉक्टर या दोघांपैकी कोण होती, ते या कागदावरून सांगता येईल?”

बाईंनी डॉक्टरकडे पाहिलं. ती पहिल्या बाकावर हात मांडीवर ठेवून बसली होती. नखं बारीक कापलेली, कामाची.

“कागदावरून नाही,” बाई म्हणाल्या.

डॉक्टरच्या वकिलाने फाईल मिटली. ती मिटायची वेळ अजून झालेली नव्हती, म्हणून त्याने पुन्हा उघडली.

निकाल तीन आठवड्यांनी लागला. पानं बावीस. पहिल्या एकवीस पानांत न्यायालयाला याचिकाकर्तीबद्दल सहानुभूती होती. शिक्षण पुरेसं आहे की नाही हे ठरवणं परिषदेचं काम, तिच्या खुर्चीत न्यायालयाने बसायचं नाही, आणि याचिकाकर्तीने स्वतः सादर केलेल्या भाषांतरातच दुसरा अर्थ दिलेला असताना परिषदेने शंका घेतली तर ती मनमानी म्हणता येणार नाही. एकतिसाव्या परिच्छेदात बाईंचं हाकेचं वाक्य जसंच्या तसं होतं. बाविसाव्या पानावर याचिका फेटाळली होती. याचिकाकर्तीने मान्यताप्राप्त रुग्णालयात एक वर्ष काम करून पुन्हा अर्ज केल्यास परिषदेने तो नियमाप्रमाणे विचारात घ्यावा, अशी एक ओळ जाता जाता घातलेली होती.

बाहेरच्या लांबलचक व्हरांड्यात एक बाक होतं. वकील नक्कल आणायला गेला, आणि डॉक्टर व बाई त्या बाकावर बसून राहिल्या. समोरून एक शिपाई फायलींची गाडी ढकलत गेला, मग तीच गाडी रिकामी घेऊन परत आला.

“हाकेचं ते,” डॉक्टर म्हणाली, “आधी ठरवून ठेवलं होतं की तिथेच सुचलं?”

“तिथेच सुचलं.”

“चांगलं होतं.”

“हो,” बाई म्हणाल्या. त्यांना दुसरं काही म्हणायचं होतं. पण त्या शब्दांच्या बाबतीत चोखंदळ असल्यामुळे तो नेमका शब्द सापडेपर्यंत वकील परत आला.

त्यानंतरचे तीन दिवस बाईंच्या टेबलावर एका धुलाई यंत्राचं पुस्तक उघडं पडलं होतं आणि त्या पहिल्याच पानावर होत्या. नणंदेने भाजी निवडली, भांडी घासली, कपडे वाळत घातले आणि एका शब्दाने काही विचारलं नाही. चौथ्या दिवशी ती म्हणाली, “तिच्या विद्यापीठाला विचारा.”

“काय?”

“शब्दाचा अर्थ. त्यांनीच लिहिलाय ना? त्यांना माहीत असेल.”

हे बाईंना का सुचलं नव्हतं, तेही त्यांना सुचेना. त्यांनी त्याच दुपारी तीन पानी पत्र लिहिलं, नणंदेने त्याचं एक पान केलं, आणि ते गेलं. उत्तर पाच महिन्यांनी आलं. त्यात कुलसचिवांनी पत्राबद्दल आभार मानले होते. दोन्ही अर्थ बरोबर आहेत असं कळवलं होतं. विद्यार्थी कोपराशी राहतो म्हणजे कधी पाहतो आणि कधी करतो, नेमकं म्हणूनच हा शब्द निवडलेला होता. मात्र अलीकडे परदेशांतून चौकशा येऊ लागल्यामुळे तो वापरणं बंद केलं आहे. खाली सही, शिक्का आणि शुभेच्छा.

बाईंनी त्याचं भाषांतर केलं. एकही तळटीप दिली नाही, कारण ते पत्र म्हणजेच एक मोठी तळटीप होती. दोन्ही कागद घेऊन त्या पहिल्यांदाच डॉक्टरच्या घरी गेल्या. तिच्या आईने दार उघडलं. बाई कोण हे कळल्यावर तिने अर्धं दार तसंच धरून ठेवलं, मग पूर्ण उघडलं.

डॉक्टरने पत्र वाचलं, आधी मुळातलं, मग भाषांतर. आणि हसली. निकालानंतर ती पहिल्यांदाच हसत होती, असं आईने नंतर सांगितलं.

“म्हणजे तुमची टीप बरोबर होती.”

“होती,” बाई म्हणाल्या. “मला वाईट वाटतंय.”

तो नेमका शब्द त्यांना सापडला होता, आणि तो इतका साधा होता याचा त्यांना जरा राग आला.

“मला तुमचा राग आला होता,” डॉक्टर म्हणाली. “वर्षभर पुरला. आता मी वर्षाचा अर्ज भरलाय. सरकारी रुग्णालयात. सोमवारपासून.”

“इंटर्न म्हणून?”

“सगळ्यांत म्हातारी इंटर्न म्हणून.”

तिच्या तुकडीतली बाकीची मुलं तेवीस वर्षांची होती आणि तिला ‘ताई’ म्हणत होती. विभागप्रमुख तिच्याहून दोन वर्षांनी लहान. ती तिला काहीच म्हणत नव्हती, नुसती मान हलवून बोलवायची. रविवारी दुपारी डॉक्टर बाईंकडे यायला लागली. का ते कोणी विचारलं नाही. यायची, खुर्चीत पाय वर घेऊन बसायची आणि त्या परक्या भाषेत रुग्णालयातल्या सगळ्यांची यथेच्छ निंदा करायची. निंदेचे बरेचसे शब्द तिला येत नसत, ते बाई पुरवायच्या; वरच्या मजल्यावरच्या बाईने ते भरपूर शिकवून ठेवले होते.

“पण तू करतेस काय तिथे?” एका रविवारी बाईंनी विचारलं.

“चार महिने झाले, उभी आहे.”

“म्हणजे?”

“म्हणजे उभी. फाईल धरते, रक्ताच्या बाटल्या पोचवते, सह्या आणते. काल बॅटरी धरली होती, प्रमुखबाई टाके घालत होत्या.”

नणंद म्हणाली, “हाताशी.”

सहाव्या महिन्यात एकदा दुपारी प्रसूतिगृहातले दोन्ही डॉक्टर शस्त्रक्रियेत अडकले होते आणि एक बाई थांबायला तयार नव्हती. नर्सने इकडेतिकडे पाहिलं आणि “ताई!” अशी हाक मारली. बाळ पायाळू होतं. ते कसं फिरवायचं हे डॉक्टरला माहीत होतं, तिने ते आधी नऊ वेळा केलं होतं. अर्ध्या तासात बाळ रडलं. आईने दूध पाजायला घेतल्यावर वहीत नोंद झाली: प्रसूती करणारे म्हणून आत अडकलेल्या डॉक्टरांचं नाव, आणि पुढे, हजर, इंटर्न.

“तू बोलली नाहीस काही?” बाईंचा आवाज चढला.

“कोणाला? नर्सनेच लिहिलं, तिला सवय आहे. मी ते वाचलं आणि मला तुमची आठवण झाली.”

पण त्यानंतर विभागप्रमुख मान हलवायच्या ऐवजी ‘डॉक्टर’ म्हणू लागली आणि पुढचे सहा महिने डॉक्टरला खुर्चीवर टेकायला फुरसत मिळाली नाही. रविवारी ती यायची ती झोपायला. बाई टेबलावर काम करायच्या, ती दिवाणावर झोपायची, आणि चार वाजता नणंद तिला उठवायची, कारण तिची आई वाट बघत असायची.

वर्ष संपल्यावर रुग्णालयाने छापील दाखला दिला. त्यात नाव आणि तारखा हाताने भरल्या होत्या. बाकीचं सगळं आधीच छापलेलं होतं. बारा महिने प्रत्यक्ष काम केले. सगळ्या इंटर्नना तोच, अगदी जे चार महिने उगवलेच नव्हते त्यांनाही. परिषदेच्या कारकुनाने तो खालून वर वाचला, मागची बाजू पाहिली, आणि नोंदणी केली. त्याला अकरा मिनिटं लागली. डॉक्टरने घड्याळ लावून पाहिलं होतं.

तेव्हा ती पस्तिसाव्यात होती. आता ती शहराच्या दुसऱ्या टोकाच्या प्रसूतिगृहात असते आणि रविवारी सुटी क्वचितच मिळते. पण आठवड्यातून एक-दोनदा, साधारण अकराच्या सुमारास, तपासण्यांच्या मधल्या फटीत ती फोन करते. आजूबाजूला माणसं असतात म्हणून ती परक्या भाषेत बोलते. भाड्याचं घर, आईचे दात, नवीन भूलतज्ज्ञ, तो दोनदा चहाला ये म्हणाला, आणि चहा वाईट होता. बाई फोन कानाशी धरून एका हाताने आमटी ढवळत ऐकतात.

परवा ती तिसऱ्या चहाबद्दल सांगत होती.

“गेलीस की नाही?” बाईंनी विचारलं.

“गेले. त्याच्याबरोबर.” आणि ‘बरोबर’साठी तिने चुकीचा प्रत्यय लावला.

“हा प्रत्यय वस्तूंना लावतात. माणसांना दुसरा.”

“बाई, मी काय सांगतेय आणि तुम्ही काय ऐकताय!”

“दोन्ही ऐकतेय. पुढे सांग.”

पलीकडून कोणीतरी तिला हाक मारली. “थांबा हं,” असं म्हणून ती गेली. फोन तसाच चालू राहिला. पावलं, दार, एका बाईचं कण्हणं आणि डॉक्टरचा “श्वास घ्या, मोठा” असा आवाज ऐकू आला. बाईंनी थोडा वेळ ऐकलं. मग इथे आपलं काही काम नाही हे लक्षात येऊन त्यांनी फोन बंद केला.

“काय म्हणते?” नणंदेने विचारलं.

“मजेत आहे.”

“एवढा वेळ बोलत होती आणि एवढंच?”

“बाकीचं नंतर सांगते,” बाई म्हणाल्या आणि त्यांनी आमटीत मीठ घातलं.